चमच्यांच्या खणाखालची यादी

म्युरिएल एन्ट्विसल ढ होती. हॅटरवेल गावात हे सगळ्यांना माहीत होतं, म्युरिएललाही. तिथे अकराव्या वर्षी एक परीक्षा व्हायची. पास झालेली पोरं टेकडीवरच्या ग्रामर शाळेत, म्हणजे हुशारांच्या शाळेत जायची, नापास झालेली खाली कालव्याकाठच्या शाळेत. एकदा शिक्का बसला की बसला. १९५५ साली म्युरिएलचा जुळा भाऊ सिरिल वर गेला, ती खाली. पास होईल त्याला बापाने सायकल कबूल केली होती. सिरिलला हिरवी सायकल मिळाली.

पुढे सरकारला उपरती झाली. परीक्षा गेली, दोन्ही शाळा एक झाल्या आणि टेकडीवर सगळ्यांना सरसकट घेणारी कॉम्प्रिहेन्सिव्ह शाळा भरू लागली. तेव्हा म्युरिएलही वर गेली, पण स्वयंपाकघरात. तीस वर्षं तिने पोरांना बटाटे आणि कस्टर्ड वाढलं. मुख्याध्यापिकेने दोनदा तिला ऑफिसात नोकरी देऊ केली. "नको बाई, आकडे बघितले की मला घाम फुटतो," म्हणाली. आणि हीच बाई आठशे पोरांच्या पीठ-लोण्याचा हिशेब तोंडी काढायची! आता काय म्हणावं हिला?

२००४ मध्ये पोरं कमी झाली म्हणून शाळाच बंद करायची ठरली. शेवटच्या शनिवारी जुन्या विद्यार्थ्यांना चहाला बोलावलं होतं. सकाळी म्युरिएल चमच्यांचा खण रिकामा करत होती. ते कपाट मूळचं ग्रामर शाळेच्या ऑफिसातलं, कुणीतरी स्वयंपाकघरात ढकललेलं. खणातलं चिकट मेणकापड तिने सोलून काढलं, तर खाली टाइप केलेले कागद अंथरलेले. परीक्षेची यादी. १९५५.

एन्ट्विसल, सिरिल: २११. एन्ट्विसल, म्युरिएल: २२५.

वर शाईने लिहिलं होतं: मुलगे, जागा नव्वद, २०५ च्या पुढे पास. मुली, जागा पंचेचाळीस, २२९ च्या पुढे पास.

तिने तीनदा वाचलं. मुलींना जागा कमी, म्हणून मुलींची रेघ वर. बस्, एवढंच! आणि एकाही मेल्याने तोंड उघडलं नाही. घरी फक्त 'नापास' एवढं कळवलं. तीस वर्षं ती रोज सकाळी तोच खण उघडत होती.

दुपारी सिरिल आला. बँकेतून निवृत्त, शाळेचा जुना टाय लावून. चहाच्या रांगेत कप पुढे करत म्हणाला, "दोन चमचे साखर हं, म्यू. मोजता येतील ना?" पन्नास वर्षांचा शिळा विनोद. रांगेतले हसले. एरवी तीही हसायची.

"चौदा," ती म्हणाली.

"चौदा काय? चहा आहे का पाक?"

तिने कागद पुढे सरकवला आणि दोघांच्या आकड्यांवर बोट ठेवलं. सिरिलने चष्मा चढवला, वाचलं, परत वाचलं. बाजूची खुर्ची ओढून तो खाली बसला.

"हे कुणाला माहीत होतं गं?"

"मला तरी आज सकाळी कळलं."

त्याने चष्मा काढला. मग हळूच म्हणाला, "आणि ती सायकल तर मी दोन महिन्यांत मोडून ठेवली होती."

"ठाऊक आहे. दुरुस्त मीच केली होती," म्युरिएल म्हणाली आणि पुढच्याचा कप भरायला लागली.