वाय बी आर, सव्वीस

लाँड्री काकूंनी एका गेममध्ये सव्वीस होमरन मारले होते. हे आधीच सांगून टाकते, कारण पुढचं सांगताना माझं डोकं फिरतं आणि मूळ मुद्दा राहून जातो. सव्वीस. मी शेजारी उभी राहून मोजलेत. ज्यांना पटत नसेल त्यांनी खुशाल पुढे वाचू नये. अशा लोकांशी वाद घालण्यात माझी बरीच वर्षं गेली आहेत.

साल शहाऐंशी. अटलांटाच्या उत्तरेला एका अपार्टमेंट कॉम्प्लेक्समध्ये मी आणखी दोघींबरोबर राहायचे, मास्टर्स करत होते. कॉम्प्लेक्सच्या मधोमध लाँड्री रूम होती. वॉशर, ड्रायर, मोडक्या खुर्च्या आणि कोपऱ्यात बेसबॉलच्या व्हिडिओ गेमचं एक उभं मशीन. काकू मंगळवारी आणि शुक्रवारी दुपारी यायच्या. सुती साडी, पायात मोजे आणि त्यावर पांढरे स्नीकर्स. कपडे वॉशरमध्ये टाकले की पदर कमरेला खोचायचा, चष्मा पदरानंच पुसायचा आणि मशीनसमोर उभं राहायचं. वयानं पंचेचाळीसच्या पुढच्या. कपडे घ्यायला आलेली माणसं टोपली कमरेवर धरून तशीच बघत उभी राहायची.

लाँड्री काकू हे नाव आपल्याच लोकांनी पाडलेलं. मराठी मंडळाच्या कार्यक्रमात बायका हसून विचारायच्या, काय लाँड्री काकू, आज किती धुतले? त्यांचे मिस्टर, प्रभाकर काका ठोसर, मोठ्या कंपनीत इंजिनिअर. त्यांना हे हसणं फार लागायचं. पण ते हसणाऱ्यांना काही बोलायचे नाहीत, घरी येऊन काकूंना बोलायचे. आपल्याकडचे बरेचसे शूर पुरुष असेच.

काकूंची खेळायची एक पद्धत होती आणि ती त्यांनी मला तासन्‌तास शिकवली. मला काही जमली नाही. बॉलकडे बघायचंच नाही, असं त्या म्हणायच्या. स्क्रीनवरचा पिचर, म्हणजे बॉल टाकणारा तो चौकोनी ठोकळ्यांचा माणूस, हळू बॉल टाकायच्या आधी डावा पाय किंचित लवकर उचलायचा. हे त्या मशीनवर खेळणाऱ्या एकालाही कळलं नव्हतं. "बॉल जाऊन जाऊन कुठे जाईल? आपल्याकडेच येणारे. टाकणाऱ्याचा पाय बघ," असं म्हणून त्या बटण दाबायच्या आणि बॉल कुंपणाबाहेर, म्हणजे होमरन. मी विचारलं, तुम्हाला हे दिसलं कसं? तर म्हणाल्या, चौदा माणसांच्या घरात वीस वर्षं काढलीत मी, सासूबाईंच्या पावलावरून कळायचं आज काय वाढून ठेवलंय.

मशीनवर समाधान मानणाऱ्यांतल्या त्या नव्हत्या. टीव्हीवरचा खरा बेसबॉलही नेमानं बघायच्या, मेथी निवडत. त्यांचं म्हणणं, हे क्रिकेटच आहे, फक्त यांना धीर कमी. त्याच उन्हाळ्यात एका रविवारी आमच्या शहराच्या टीममधल्या एकानं एका मॅचमध्ये चार होमरन मारले. चार म्हणजे तिथला विक्रमच. इतक्या वर्षांत मोजक्याच लोकांना ते जमलेलं, आणि पाच तर कुणालाच नाही. गंमत म्हणजे ती मॅच त्याची टीम हरली. प्रभाकर काका म्हणाले, मग काय उपयोग? काकूंनी मेथीची जुडी खाली ठेवली. "हरले ते सगळे मिळून हरले. चार त्याचे एकट्याचे आहेत. ते कोण काढून घेणार?" मला ते वाक्य तेव्हा नुसतं आवडलं होतं.

आणि मग ऑगस्टमधला तो मंगळवार. गेम तीन इनिंगचा असायचा आणि त्याआधीचा सगळ्यात मोठा आकडा होता सतरा. बी बिल्डिंगमधल्या एका गृहस्थांचा होता तो, आणि ते तो येताजाता सांगायचे. काकूंनी दुसऱ्या इनिंगमध्येच सतरा ओलांडले. माझे कपडे ड्रायरमध्ये थांबून गार झाले. काकूंच्या चेहऱ्यावर काही म्हणजे काही नाही, फक्त ओठ हलत होते. मराठीत मोजत होत्या. एकवीस, बावीस. सव्वीसला शेवटचा आउट झाला तेव्हा त्यांनी पदर सोडून नीट खांद्यावर घेतला, घरी कुणी मोठं माणूस आल्यासारखा.

मशीननं नाव विचारलं. त्यावर नावासाठी तीनच चौकोन असायचे, तीन अक्षरं. लोक काहीबाही टाकायचे. काकूंनी दांडा फिरवत फिरवत शांतपणे टाकलं: वाय, बी, आर.

मी म्हटलं, काकू, चुकलं. ए पी टी हवं ना? अनुराधा प्रभाकर ठोसर.

त्या स्क्रीनकडेच बघत होत्या. म्हणाल्या, चुकलं नाही गं. मी यमुना. यमुना बळवंत राऊत, अकोल्याची. लग्नात ताटात तांदूळ पसरून ह्यांनी अंगठीनं अनुराधा लिहिलं, कारण सासूबाईंचं नावही यमुना होतं आणि एका घरात दोन यमुना नकोत. कुणी मला विचारलं नाही, आणि विचारायचं असतं हे मलाही माहीत नव्हतं. मग त्यांनी त्या तीन अक्षरांवर बोट ठेवलं. "हे मशीन बघ कसं, तीनच चौकोन. माझं, बाबांचं आणि आडनाव. बरोब्बर मावतं."

मला त्या दिवशी कळलं की मी दीड वर्ष ज्या बाईच्या हातचं जेवत होते तिचं नाव मला माहीत नव्हतं.

सप्टेंबरच्या सुरुवातीला, लेबर डेच्या सुट्टीला कॉम्प्लेक्सची पिकनिक होती. मॅनेजरनं जाहीर केलं होतं की मशीनवर ज्याचा सगळ्यात मोठा आकडा असेल त्याचं नाव क्लबहाउसमध्ये पितळी पट्टीवर कोरून लावणार. यादीतले वरचे तीन आकडे त्यानं आधीच कागदावर उतरवून घेतले आणि मशीन उचलून क्लबहाउसमध्ये आणलं. काकूंनी कधी कुणाकडे काही मागितलेलं मी पाहिलं नव्हतं. पण त्या आठवड्यात त्यांनी मला दोनदा विचारलं, यमुना इंग्रजीत वाय यू एम करून लिहितात की वाय ए एम करून? पट्टीवर चूक नको व्हायला, म्हणाल्या. पिकनिकला पैठणी नेसून आल्या, आणि खाली तेच स्नीकर्स.

मॅनेजरनं कागद वाचला. वाय बी आर, सव्वीस. कोण आहे वाय बी आर? काकूंनी हात वर केला. लोक हसले. वाईट नाही हसले, पण हसले. मॅनेजरनं भाडेकरूंची यादी काढली आणि म्हणाला, मॅडम, वाय बी आर आपल्याकडे कुणीच नाही. लायसन्स दाखवा. काकूंनी दाखवलं. त्यानं नावाची पहिली अक्षरं मोठ्यानं वाचली, ए पी टी, आणि स्वतःच्याच विनोदावर खूश झाला: अहो, पत्त्यात ए पी टी लिहितात ते तर अपार्टमेंट! पुन्हा हशा. सगळ्यात मोठ्यानं कोण हसलं? आपलेच लोक.

मी पुढे झाले. म्हटलं, मी साक्षीदार आहे, मी पाहिलंय, हे यांचं लग्नाआधीचं नाव आहे. मॅनेजर तसा सरळ माणूस होता. तो प्रभाकर काकांकडे वळला आणि विचारलं, तुमच्या पत्नीचं हे नाव आहे का?

एक वाक्य. एक "यस" पुरला असता त्या माणसाचा.

काका म्हणाले, "नो. शी हॅज ओन्ली वन नेम."

नंतर मला कारण कळलं. ग्रीन कार्डच्या फॉर्मवर एक रकाना होता, पूर्वी वापरलेली इतर नावं. काकांनी तिथे काकूंसाठी 'नन', म्हणजे एकही नाही, असं लिहिलं होतं. लग्नात बायकोचं नाव बदलणं हे त्यांना नाव बदलणं वाटलंच नव्हतं. ते आपलं लग्न होतं. पुढे कुणीतरी त्यांना घाबरवलं की फॉर्मवर खोटं लिहिलं तर परत पाठवतात. म्हणून लाँड्री रूममधल्या गेमच्या एका पितळी पट्टीसमोर हा माणूस थरथरला. भीती खरी होती, मी नाही म्हणत नाही. पण भ्यायचे ते आणि पुसलं जायचं तिचं, हा कुठला हिशोब? मला तेव्हाही कळला नाही आणि आताही कळत नाही.

मॅनेजरनं तोडगा काढला. मशीन इथेच आहे, चालू करतो, मॅडमनी परत खेळून दाखवावं. मला वाटलं, सुटलो. काकू डोळे मिटून वीस तरी मारतील. मी त्यांच्या कानाशी गेले आणि म्हटलं, काकू, पदर खोचा.

त्या हलल्या नाहीत. मला म्हणाल्या, "त्या चारवाल्याला कुणी म्हणालं का, परत मारून दाखव म्हणून?"

मी भांडले त्यांच्याशी. म्हटलं, हट्ट करू नका, पट्टी जाईल. त्या म्हणाल्या, परत मारले तर ते अनुराधाचे होतील. मी मारलेत ना एकदा. आणि बटाट्याच्या सॅलडच्या टेबलाशी जाऊन त्यांनी पेपर प्लेट घेतली, रांगेत उभ्या राहिल्या. पट्टी सतरावाल्या गृहस्थांना मिळाली. मशीन पुन्हा लाँड्री रूममध्ये गेलं तेव्हा प्लग काढल्यामुळे सगळी यादी कोरी झाली होती. काकू त्यानंतरही मंगळवारी आणि शुक्रवारी यायच्या, पण कपडे घेऊन आणि स्वेटर विणायला घेऊन. मशीनकडे पाठ करून बसायच्या.

पुढच्या वर्षी काकांची बदली झाली आणि ते न्यू जर्सीला, पार्सिपनीला गेले. निघताना काकूंनी मला घरातले डबे दिले, कुकर दिला, आणि खास सूचना केली की मेथी सॅलडसारखी कच्ची खायचं वेड इथे लोकांना आहे ते तू करू नकोस. मशीनचा विषय त्यांनीही काढला नाही, मीही नाही. दोन वर्षांनी माझं लग्न ठरलं. गुरुजींनी तांदळाचं ताट पुढे केलं आणि नवऱ्यानं कोणतं नाव लिहू म्हणून विचारलं. मी म्हटलं, आहे तेच. आत्या रुसली, सासूबाईंच्या कपाळाला आठी पडली. काकू लग्नाला येऊ शकल्या नव्हत्या, पण त्यांनी पोस्टकार्ड पाठवलं. आशीर्वादाच्या दोन ओळी आणि खाली सही: य. ब. राऊत. मंडळातल्या माझ्या मैत्रिणीला वाटलं हे कुणी लांबचे काका असतील.

बऱ्याच वर्षांनी काकू गेल्याचं मला प्रभाकर काकांच्याच फोनवरून कळलं. आवाज पार बसला होता. म्हणाले, फ्युनरल होमचा, अंत्यविधी करणाऱ्यांचा फॉर्म समोर आहे. त्यात परत तोच रकाना आहे, इतर नावं. काय लिहू गं?

इतक्या वर्षांचं माझ्या तोंडाशी आलं होतं. पिकनिकच्या दिवशी विचारलं होतं तेव्हा कुठे गेला होतात, हे मी शेकडो वेळा मनात घोकून ठेवलेलं. पण फोनवर म्हातारा रडत होता, आणि काय लिहायचं ते त्याला माझ्याइतकंच माहीत होतं. मी म्हटलं, काका, यमुना बळवंत राऊत. वाय ए एम करून लिहा.

पेन खरखरल्याचं ऐकू आलं. लिहिलं, म्हणाले.

आता त्यापुढे सव्वीस लिहा, म्हटलं.

ते म्हणाले, तेवढ्याला इथे जागा नाही गं.

जागा करा, म्हटलं.