दोन डाव्या बाह्या

शिवणाच्या दुकानात आक्कांच्या हातून एका गिऱ्हाइकाच्या मखमली ब्लाउजच्या दोन्ही बाह्या डाव्याच कापल्या गेल्या. मखमल सरकते, म्हणून दुमडून कापत नाहीत. एकेक बाही वेगळी कापायची आणि दुसरीच्या वेळी कागदी नमुना पालथा घालायचा. उभा जन्म कापण्यात गेलेल्या आक्का नेमक्या तेवढंच विसरल्या. माप घेऊन वळेपर्यंत आकडा डोक्यातून पसार होणं तर रोजचंच झालं होतं. दुकानात भागीदार असलेल्या त्यांच्या धाकट्या बहिणीने कात्री उचलली आणि आपल्या बाजूच्या खिळ्याला अडकवली. कात्री गेली म्हणजे आपण संपलो, असंच आक्कांना वाटलं.

डॉक्टरीणबाईंनी सगळं तपासलं. "मोठा आजार काही नाही. पण मोकळ्या हवेत शेवटचं कधी गेलात?"

"काल. कपडे वाळत घालायला."

"रोज दुकानामागची टेकडी चढा. पाय चालले की मेंदूलाही रक्त जास्त मिळतं, झाडांत डोकं निवतं. या वयातही मेंदूत नव्या जोडण्या होतात."

"म्हणजे डोक्याला ठिगळ?"

"ठिगळ नाही हो, नवी शिलाई!"

बूट चावले, गुडघे बोलू लागले. आक्का टेकडीला शिव्यांची लाखोली वाहत चढत राहिल्या. फरक काही दिसेना. नाही म्हणायला झोप तेवढी गाढ लागू लागली.

मग एका सकाळी त्या दम खायला एका झाडाखाली टेकल्या. नाकासमोर डहाळी लोंबत होती. काडीच्या दोन्ही बाजूंना पानं, प्रत्येक पान किंचित वाकडं. डावीकडची एका अंगाला झुकलेली, उजवीकडची बरोब्बर उलट. प्रत्येक वेळी नमुना पालथा घालून कापल्यासारखी! आक्कांनी दुसरी डहाळी ओढली, मग तिसरी. कुठेच चूक नाही. त्यांच्या अंगावर सरसरून काटा आला. वर बघावं तर तीच कापणी थेट शेंड्यापर्यंत, आणि आपण रोज इथूनच कुरकुरत जात होतो! डोक्यातलं मळभ कधी सरलं, ते कळलंही नव्हतं. "केवढं हे!" त्या मोठ्याने म्हणाल्या आणि त्यांना रडूच आलं.

झपाझप उतरून त्या दुकानात शिरल्या. धाकटी टेबलावर वाकली होती. त्याच गिऱ्हाइकाने पुन्हा आणून दिलेली मखमल पसरलेली, एक बाही कापून बाजूला ठेवलेली, नमुना तसाच सुलटा आणि दुसरीवर कात्री टेकलेली.

"थांब!" आक्का दारातूनच ओरडल्या. "नमुना पालथा घाल!"

धाकटीने खाली पाहिलं आणि कात्री मागे घेतली. "आक्का, मीसुद्धा? मी तर तुलाच नावं ठेवत होते गं."

तिने कात्री पुढे केली. आक्कांनी घेतली, नमुना पालथा घातला आणि सावकाश दुसरी बाही कापली. उजवी. मग वाकून टेबलाखालच्या धाकटीच्या चपला तिच्या पायांपुढे सरकवल्या.

"या चपला टेकडीवर चालायच्या नाहीत. आज बूट आण," त्या म्हणाल्या. "उद्या माझ्याबरोबर यायचं. आपल्याला एक झाड बघायचंय."