मुतिंता मॅडम खाली बसतात तेव्हा

एखाद्या ऑफिसात फायली साचतात, आमच्या ऑफिसात किस्से साचतात. इंग्लंडात, मिल्टन कीन्समधल्या आमच्या मराठी ग्रुपमध्ये कुणाकडेही जेवायला जमलो, की पोळ्या वाढून व्हायच्या आत कोणीतरी विचारतंच, "वर्षा, तुझ्या त्या बाईंचं नवीन काय?" मग माझं जेवण गार होतं. माझा नवरा निखिल तर म्हणतो, "हिला पगार किस्से गोळा करायचाच मिळतो!"

ती बाई म्हणजे आमच्या डायरेक्टर, मुतिंता मॅडम. मूळच्या झांबियाच्या, पेशाने वकील. नवऱ्याच्या मृत्यूनंतर सासरचे लोक ज्या बायकांना घराबाहेर काढतात, त्यांना झांबियात वकील मिळवून द्यायचं काम आमची संस्था करते. हेड ऑफिस मात्र इथे, एका डेंटिस्टच्या वरच्या मजल्यावर. माणसं मोजकीच. मॅडम, कार्यक्रम बघणारा डेव्हिड, ग्लासगोत जन्मलेली, मोडकं मराठी बोलणारी आमची तरुण सॉलिसिटर ईशा, आणि बाकी सगळं बघणारी मी.

पहिल्याच दिवशी मी सवयीने "येस, मॅडम" म्हटलं. त्यांनी चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं.

"वर्षा, कोर्टात मला मॅडम म्हणायचे ते सगळे विरुद्ध पार्टीचे वकील असायचे. तू कुठल्या बाजूची?"

तेव्हापासून तोंडावर मुतिंता आणि पाठीमागे मॅडम. आपल्या जिभेला एवढ्या मोठ्या बाईला नुसतं नावाने हाक मारायची सवय नाही, त्याला मी काय करू!

*

त्यांच्या पहिल्या केसचा किस्सा डेव्हिडने मला सांगितला. नवीन कोट घालून मॅडम झांबियाच्या राजधानीत, लुसाकाच्या कोर्टात गेल्या. वय कमी, उंची त्याहून कमी. न्यायाधीशांना वाटलं, ही साक्षीदार असणार. त्यांनी विचारलं, "बाई, तुमचे वकील कुठे आहेत?"

मॅडम म्हणाल्या, "उभ्या आहेत, माय लॉर्ड. अजून कोणी त्यांना बसा म्हटलेलं नाही!"

कोर्ट हसलं. न्यायाधीश हसले नाहीत. पण निकाल मॅडमच्या बाजूने दिला, आणि पुढे कधीही मॅडम आत आल्या की म्हणे आधी "बसा" म्हणायचे.

*

पुढे मॅडम तिथल्या एका मोठ्या कायदा संस्थेच्या प्रमुख झाल्या. त्या खुर्चीत बसलेली पहिली बाई. खुर्ची म्हणजे काय, जुन्या काळातली, कोरीवकाम केलेली, भलीमोठी. मॅडम बसल्या आणि त्यांचे पाय जमिनीपासून वीतभर वर लोंबकळायला लागले. समोर सगळे सीनियर वकील. कोणी हसू दाबतंय, कोणी खोकतंय.

शिपाई धावत पायाखाली घ्यायला लाकडी पाट घेऊन आला. मॅडमनी तो परत पाठवला आणि सुताराला बोलावलं. "खुर्चीचे पाय कापा."

"पण ही ऐतिहासिक खुर्ची आहे," सेक्रेटरी हबकून म्हणाले.

"म्हणूनच कापा. माझ्यानंतर येणाऱ्या बाईलाही बसायचंय."

सुताराने खरंच पाय कापले! मॅडमनंतर सहा फुटी गृहस्थ आले, त्यांचे गुडघे म्हणे छातीला लागायचे. पण त्यांच्यानंतर पुन्हा बाई आली. तिचे पाय बरोबर टेकले. हा किस्सा मी कितव्यांदा सांगतेय कोण जाणे, दर वेळी माझ्या अंगावर काटा येतो.

*

आता खेड्यातला. तिकडे गावात भांडण असलं, की मुखिया आणि म्हातारे पुरुष खुर्च्यांवर बसतात आणि बायका जमिनीवर आपलं रंगीत वस्त्र पसरून बसतात. मोठ्यांशी खाली बसून बोलायचं, ही तिथली रीत. मॅडम एका विधवेच्या बाजूने बोलायला गेल्या. शहरातली वकील म्हणून गावाने त्यांनाही खुर्ची दिली.

मॅडमनी आपली बॅग खुर्चीवर ठेवली आणि स्वतः त्या विधवेशेजारी मातीत बसल्या. चांगला इस्त्रीचा सूट!

झाली पंचाईत. पाहुणी खाली आणि यजमान वर, हे मुखियाला कसं शोभावं? तो उतरला. मुखिया उतरल्यावर बाकीच्यांची वर बसायची काय बिशाद! बघता बघता सगळी पंचायत जमिनीवर आली. ऊन कलेपर्यंत बोलणं चाललं आणि बाईला तिचं घर परत मिळालं.

ईशाने डोळे विस्फारून विचारलं, "पण खाली बसल्याने काय डिफरन्स पडला?"

मॅडम म्हणाल्या, "खुर्चीवरचा माणूस मनात आलं की उठून जातो. खाली बसलेल्याला उठायचा कंटाळा येतो, म्हणून तो ऐकून घेतो."

*

माझ्या घरातलाही एक आहे. जानेवारीत मी हळदीकुंकू केलं आणि मॅडमना बोलावलं. त्या स्वतः विधवा आहेत, हे मला ठाऊक होतं, पण त्या बाबतीत माझ्या डोक्यात काही किंतु नव्हता. सासूबाई तेव्हा नाशिकहून आमच्याकडे आलेल्या. सासरे गेल्यापासून त्या अशा समारंभात बाहेर येत नाहीत. मी कितीदा म्हटलं, त्यांचं एकच, "तुमचं चालू द्या गं, मी तिळाच्या वड्या बघते."

मॅडम आल्या, अत्तर-गुलाबपाणी सगळं कौतुकाने बघितलं आणि विचारलं, "तुझ्या सासूबाई कुठे आहेत?"

"किचनमध्ये."

"का?"

मी कारण सांगितलं. सांगताना माझी मलाच लाज वाटायला लागली. मॅडमनी वाणासाठी मांडलेल्या वाट्यांतली एक उचलली, किचनमध्ये गेल्या आणि सासूबाईंच्या पाटाशेजारी फरशीवर बसल्या. दोघींना एकमेकींची भाषा येत नाही. मॅडम वड्या थापायला लागल्या.

पाच मिनिटांत लिव्हिंग रूम रिकामी आणि आमच्या एवढ्याशा किचनमध्ये पैठण्यांची ही गर्दी! मी हळदीकुंकवाची कोयरी आत नेली आणि आधी सासूबाईंना लावलं, मग मॅडमना. सासूबाई रडल्या. मीही रडले.

रात्री भांडी आवरताना सासूबाई म्हणाल्या, "अगं, ही बाई वकील आहे म्हणालीस ना? मला तर न्यायाधीश वाटली. एक शब्द न बोलता निकाल देऊन गेली!"

*

हा पुढचा मात्र हसायचा नाही.

आमच्या संस्थेत जुना नियम होता. झांबियातली कुठलीही केस कोर्टात न्यायची, तर आधी मिल्टन कीन्सची परवानगी. ऑगस्टमधल्या बँक हॉलिडेच्या, म्हणजे सोमवारच्या सरकारी सुट्टीच्या, आधीच्या शुक्रवारी, संध्याकाळी, तिकडच्या एका खेड्यातून, कुणा शेजारणीच्या फोनवरून ईमेल आला. रोडा नावाच्या विधवेचं घर दीर पाडायला निघालेत, तातडीने कोर्टाचा मनाई हुकूम आणायला हवा. ऑफिस बंद झालेलं. ईमेलला आपोआप उत्तर गेलं, की आमचं ऑफिस आता मंगळवारी उघडेल, तुमच्या संयमाबद्दल आभार.

डेव्हिड लेक डिस्ट्रिक्टमध्ये फिरायला, ईशा आईवडिलांकडे, मॅडम प्रवासात, आणि मी बागेत बार्बेक्यूचा धूर खात. कोणी नियम मोडला नाही. मंगळवारी सकाळी सगळ्यात आधी रोडाच्या केसची परवानगी दिली.

तोपर्यंत दिरांनी छपराचे पत्रे, दार, खिडक्या सगळं उचलून नेलं होतं. रोडा मुलांना घेऊन चार भिंतींच्या आत उघड्यावर बसली होती.

मॅडमनी त्या दिवशी कोणाला दोष दिला नाही. डेव्हिड सारखा सॉरी म्हणत होता, त्याला त्यांनी चहा करून दिला. मग एवढंच म्हणाल्या, "हेड ऑफिस लुसाकाला गेलं पाहिजे. निर्णय तिथे व्हायला हवेत, जिथे छप्पर उडतं."

खरं सांगते, मला आधी माझंच सुचलं. हेड ऑफिस गेलं की डेंटिस्टच्या वरची आमची ही जागा जाणार, आणि तिच्याबरोबर माझी नोकरी. निखिलने सरळ विचारलं, "तू तिच्या बाजूने आहेस की आपल्या?"

निर्णय ट्रस्टींच्या हातात होता, आणि ट्रस्टींचे चेअरमन कट्टर विरोधात. माणूस सज्जन, पण त्यांचं म्हणणं, "इथून सगळं व्यवस्थित चाललंय."

*

मॅडमनी ट्रस्टींना अहवाल पाठवला नाही. त्यांनी रोडाला बोलावून घेतलं.

रोडा आधी आमच्या ऑफिसात आली. हडकुळी, शांत बाई. सगळी टेबलं, कॉम्प्युटर, माझी मनी प्लांटची कुंडी, सगळं निरखून बघितलं. मग तिच्या भाषेत मॅडमना काहीतरी म्हणाली. मॅडमनी आम्हाला सांगितलं, "ती म्हणतेय, म्हणजे तो मंगळवार इथे राहतो!"

डेव्हिड तडक बाहेर जिन्यात जाऊन उभा राहिला.

दुसऱ्या दिवशी लंडनमध्ये मीटिंग. लांबलचक पॉलिश केलेलं टेबल, उंच पाठीच्या खुर्च्या, भिंतीवर मिश्यावाल्या साहेबांच्या तसबिरी. मी मिनिट्स लिहायला एका टोकाला. ट्रेनमध्ये ईशा माझ्या कानात कुजबुजली होती, "वर्षाताई, चेअरमनने ऑलरेडी ठरवलाय. आपला काही चान्स नाही."

चेअरमननी अदबीने रोडासाठी खुर्ची ओढली. "प्लीज, बसा आणि बोला."

रोडाने खुर्चीकडे पाहिलं, टेबलाभोवतीच्या वयस्कर माणसांकडे पाहिलं. मग स्कर्टवरून कमरेला गुंडाळलेलं रंगीत वस्त्र सोडलं, गालिच्यावर पसरलं आणि त्यावर बसली. टेबलाच्या पलीकडून आम्हाला ती दिसेनाशीच झाली.

"ओह नो, नो, प्लीज!" चेअरमन गडबडले. डेव्हिड खुर्ची घेऊन पुढे धावला.

मॅडम उठल्या. जाऊन रोडाशेजारी खाली बसल्या.

मी माझ्या वहीकडे पाहिलं, पेनाकडे पाहिलं. निखिलचा प्रश्न आठवला. मग पदर खोचावा तसा कोट आवरला आणि जाऊन गालिच्यावर मांडी घातली. माझ्या मागोमाग ईशा. मग डेव्हिड, त्या ओढलेल्या खुर्चीला तसाच धरून. मग एक ट्रस्टी बाई, शूज काढून. मग दुसरे. शेवटी त्या भल्यामोठ्या टेबलाशी चेअरमन एकटेच उरले. एक गुडघा ऑपरेशन केलेला, अंगात उंची सूट. ते टेबलाला धरून, कण्हत, हळूहळू खाली आले.

मग रोडा बोलली. मॅडम भाषांतर करत होत्या. कुठला पत्रा आधी निघाला, धाकटी काय म्हणाली, शनिवारी पाऊस नव्हता म्हणून देवाचे आभार कसे मानले, रविवारी कोण पाणी घेऊन आलं. सोमवारी शेजारणीने आपल्या फोनवरचं आमचं ते उत्तर तिला पुन्हा वाचून दाखवलं. तिने रागाचा एक शब्द वापरला नाही. ट्रस्टी बाई रुमालात तोंड घालून बसल्या होत्या. घड्याळाकडे कोणी पाहिलं नाही.

रोडा थांबली.

मग चेअरमननी उठायचा प्रयत्न केला. एकदा, दोनदा. गुडघा ऐकेना. लाल झालेल्या चेहऱ्याने ते म्हणाले, "मुतिंता, मला आता उठवणार कोण?"

मॅडम त्यांच्यासमोर जाऊन उभ्या राहिल्या. "मी उठवते. आधी लुसाकाचा ठराव मताला टाकू या?"

चेअरमननी रोडाकडे पाहिलं. मग खाली बसल्या बसल्याच हात वर केला. मागोमाग बाकीच्या ट्रस्टींचेही हात वर गेले.

मॅडमनी ते सगळे शांतपणे मोजले, आणि मग वाकून चेअरमनचा तोच हात धरला.