मामांचा अडलेला घास

भरल्या पंगतीत मामा एकदम उभे राहत. तांब्या तोंडाला लावून रिकामा करत, मग दोन्ही हात आभाळाकडे, छाती पुढे, मान मागे. डोळे मिटून ते असे थांबत, की वाटावं मांडवाच्या छतावरून कुणीतरी हाक मारली आहे. थोड्या वेळाने छातीत कुठेतरी खोल 'गुडुक' असं वाजे आणि मामा पुन्हा पाटावर बसत. कुणी विचारलंच तर उत्तर ठरलेलं, "उतरते, उतरते. घाई कायची हाये?"

तुमच्यापैकी ज्यांनी आमच्याकडच्या जुन्या पंगती पाहिल्या असतील त्यांना यातला घोटाळा सांगायला नको. बाकीच्यांसाठी सांगतो. पंगतीतला मानाचा माणूस उठला की पंगत उठली. तो बसलेला असताना उठणारा उर्मट आणि तो उठल्यावर जेवत राहणारा हावरा. रिसोडच्या आसपास कुणाचंही लग्न असो, वांगी, मुळे, कोथिंबीर मामांच्या वाडीतून जायची आणि मामा त्याचा पैसा घेत नसत. म्हणून पहिला पाट त्यांचा. म्हणजे ज्याचा घास छातीत अडायचा, त्याच्याच उठण्याबसण्यावर अख्ख्या मांडवाचं जेवण टांगलेलं!

गावाला सवय झाली होती. मामा उभे राहिले की आम्ही घास हातात धरून 'गुडुक'ची वाट पाहत बसायचो.

आमचं घर मामांच्या वाडीला लागून. नात्याने ते माझे कुणी नव्हेत, अख्खं गावच त्यांना मामा म्हणे. माझा बाप मोट हाकायचा, आजाही तेच करायचा, आणि मी नागपुराहून बी.ए. होऊन आलो. हे मी मिरवतो आणि मिरवणार. मामांनाही त्याचं इतकं कौतुक की ते मला नावाने हाक मारीनासे झाले. "काय रे बीए, जेवला का?" "बीए, जरा बैल धर."

सुरुवातीला त्यांना फक्त कोरडी भाकर अडायची. मग पोळी, मग भात, पुढे पुढे तर वरणसुद्धा. छातीच्या मधोमध दगड ठेवल्यासारखं वाटे. रात्री आडवं झालं की संध्याकाळचं जेवण जसंच्या तसं वर येई, म्हणून ते पोत्याला टेकून बसल्या बसल्या झोपत. वैद्य म्हणाले, वात आहे. त्यांनी हिंगाचं चूर्ण दिलं. दुसरे म्हणाले, नळी कोरडी पडली आहे. त्यांनी तूप पाजलं. एका भगताने तर वांग्यांवर कुणाची तरी नजर आहे असं सांगून वाडीच्या चारही कोपऱ्यांत लिंबं पुरली. लिंबाची झाडं तेवढी उगवली.

मामा वाळत चालले. मामी म्हणायच्या, "बुजगावण्याले कपडे घातल्यावानी दिसून राह्यले तुमी."

"मंग बरंच हाय ना," मामा म्हणायचे, "पाखरं तरी भेतीन मले."

पण त्यांच्या मुलीच्या साक्षगंधाला, म्हणजे साखरपुड्याला, मात्र हसण्यावारी नेता येणार नाही असं काही घडलं.

मुलाकडची मंडळी वाशीमची. मुलाचे वडील, म्हणजे होणारे व्याही, अंगाने भरदार आणि मानापानाला त्याहून भारी. पंगत बसली. दुसऱ्या पोळीला मामांचा घास अडला. ते उभे राहिले, तांब्या संपवला, हात वर गेले. व्याह्यांनी वर पाहिलं, पत्रावळीत हात धुतले आणि तेही उठले. त्यांच्यामागे त्यांचे सगळे सोयरे उठले. बुंदीची परात घेऊन वाढपी दाराशी तसाच उभा.

मामांना बोलता येईना. तोंड बंद, डोळ्यांत पाणी. त्यांनी दोन्ही हातांनी 'बसा, बसा' अशी खूण केली. व्याह्यांना ती 'निघा, निघा' अशी दिसली. घास उतरून मामांच्या तोंडून शब्द फुटेपर्यंत बैलबंड्या नाला ओलांडून गेल्या होत्या.

दोन दिवसांनी मध्यस्थ आला. ओसरीवर बसून त्याने निरोप सांगितला, "ते म्हणतात, बुंदी वाढायच्या आंधी आमाले हाकललं. लग्नाच्या पंगतीत पोरीचा बाप मांडीले मांडी लावून शेवटवर बसन तरच लगन. आन ते हेई इचारून राह्यले, का मानसाले क्षय तर नाही?"

"मामा पंगतीले बसलेच नाही तर?" मी विचारलं.

"मंग तर झालंच! पोरीचा बाप पंगतीत नाही, तर वऱ्हाडी अन्नाले हात लावतीन का?"

मध्यस्थ गेला. मामा म्हणाले, "बीए, पोरीचं लगन माह्या गळ्यात अडकलं रे."

आत चुलीशी मुलगी होती. तिने ते ऐकलं असणार, कारण भांड्यांचा आवाज थांबला.

मी म्हटलं, "मामा, नागपूरला चला."

बंडीने वाशीम, तिथून रेल्वेने अकोला, पुढे मोठ्या गाडीने नागपूर. इस्पितळात डॉक्टरांनी मामांना एक पेला पांढरं दाट औषध प्यायला दिलं. मामांनी वास घेतला. "चुना कालवलेलं ताक हाये," म्हणाले, पण प्यायले. मग त्यांना अंधाऱ्या खोलीत क्ष-किरणांच्या यंत्रापुढे उभं केलं. नंतर डॉक्टरांनी काच उजेडासमोर धरली. छातीतली नळी पांढरी उमटली होती. वर फुगलेली, खाली निमुळती होत होत शेंडीएवढी.

मामा पुढे सरकले. "हा तर माह्या वाडीतला मुळा!"

डॉक्टर हसले. त्यांनी समजावलं की अन्ननलिकेच्या टोकाशी, जठराच्या तोंडावर, स्नायूंचं एक कडं असतं. घास आला की ते आपोआप सैल होतं. मामांचं होत नव्हतं. म्हणून अन्न वर साचत होतं आणि नळी फुगत होती. गाठ नाही, क्षय नाही.

"म्हंजे पाटाचं तोंड बंद, आन पानी मांगं तुंबून राह्यलं," मामा म्हणाले. "फोडा मंग."

"फोडायचं नाही, ताणायचं," डॉक्टर म्हणाले आणि त्यांनी एक लांब रबरी नळी काढली. आत पारा भरलेला, म्हणजे वजनाने ती आपोआप खाली उतरावी. "गिळा."

मामांनी नळीकडे पाहिलं, मग माझ्याकडे, मग डॉक्टरांकडे. "साहेब, भाकर उतरत नाही म्हनून आलो, आन तुमी रबर चारून राह्यले?"

पहिल्या दिवशी उमाशांनी त्यांचे डोळे लाल झाले. ते पळून जायला निघाले होते. मी फक्त मुलीचं नाव घेतलं. ते परत फिरले आणि खुर्चीत बसून त्यांनी तोंड उघडलं. रोज नळी थोडी जाड होत गेली. एके दुपारी खाणावळीत त्यांनी वरणभाताचा घास घेतला, दुसरा घेतला, तिसरा घेतला. तांब्या भरलेलाच होता. मामा ताटाकडे पाहत बसले.

"उतरलं?" मी विचारलं.

"कई उतरलं, मले समजलंच नाही रे," ते म्हणाले, आणि उपरण्याने डोळे पुसले.

आजार मुळातून जात नाही, नळी अधूनमधून गिळावी लागेल, असं डॉक्टरांनी बजावून एक नळी सोबत दिली. मामा वाडीतल्या जांभळाखाली बसून ती गिळत. एकदा वांगी घ्यायला आलेल्या बाईने त्यांच्या तोंडातून लोंबणारं ते काळं शेपूट पाहिलं आणि टोपली टाकून पळाली. आठवडाभरात मामा साप गिळतात ही बातमी वाशीमला पोचली. पुन्हा मध्यस्थ आला. या वेळी त्याला मामींनीच नळी हातात दिली. "घ्या, तुमीच गिळून पाहा." तो चहासुद्धा न घेता गेला.

लग्नाच्या दिवशी पंगत बसली. मामा आणि व्याही, मांडीला मांडी. साऱ्या मांडवाची नजर मामांच्या गळ्यावर. पोळी गेली. वांग्याची भाजी गेली. भात गेला. बुंदी आली, तीही गेली. मी मामांच्या समोरच होतो आणि काय खाल्लं ते मला आजही आठवत नाही. व्याह्यांची पत्रावळ साफ झाली, सगळ्यांच्या साफ झाल्या. मामा उठेनात.

"आनखी बुंदी आन रे," त्यांनी वाढप्याला हाक मारली.

तीही संपली. व्याह्यांच्या पायाला मुंग्या आल्या. ते एका मांडीवरून दुसऱ्या मांडीवर झुलू लागले. शेवटी कानाशी लागून म्हणाले, "व्याही, उठा ना आता."

मामांनी तांब्याला हातही लावला नाही. "उतरते, उतरते," ते म्हणाले. "घाई कायची हाये? साक्षगंधाची बुंदी राह्यली होती ना, तेई खाऊन घेऊ."

आधी व्याहीच हसले. मग मांडव हसला.

त्यानंतर मामा कितीतरी वर्षं जेवले, नातवंडांच्या बारशांना जेवले. गेले ते साध्या तापाने. गळ्याचा त्यात काही दोष नव्हता.

तेरवीच्या पंगतीत पहिला पाट मोकळाच ठेवला होता. शेजारी व्याही, आता म्हातारे झालेले. जेवणं आटोपली, हात वाळले, वाढपी परात घेऊन दोनदा फिरून गेला. कुणी उठेना. पुढची पंगत दाराशी खोळंबली होती.

"उठा ना बाप्पा," तिकडून कुणीतरी म्हणालं.

व्याही रिकाम्या पाटाकडे पाहत होते. हाताने त्यांनी खूण केली. बसा, बसा.

"थांबा जरा," ते म्हणाले. "त्यायचं उतरू द्या."