गुरुजींनी दिलेली तारीख
आज एक जून, फोनवर वाढदिवसाच्या शुभेच्छा येऊ लागल्या आणि दिल्लीतली ती नोकरीची मुलाखत आठवली. माझा तो शेवटचा प्रयत्न होता. अंगात खोलीतल्या मित्राचा कोट, गळ्याशी टाय आवळलेला. समोरच्या साहेबांनी विचारलं, “आपके जन्मदिन पर इतिहास में क्या-क्या हुआ?” शाळेत फळ्यावर रोज दिनविशेष मीच लिहायचो. चटकन सांगितलं, त्या दिवशी पुणे-नगर रस्त्यावर पहिली एसटी धावली, दख्खनची राणीही सुरू झाली. “और आप पैदा हुए,” ते म्हणाले. हो म्हणावं, तर खोटं. दाखल्यावरची तारीख खरी नाही म्हणावं, तर नोकरी हातची जाणार. शेवटी सांगून टाकलं, माझ्या जन्माचं म्हणून आईला फक्त ज्वारीची काढणी आठवते. तारीख शाळेत नाव घालताना गुरुजींनी दिली. साहेबांनी चष्मा काढून सावकाश पुसला. “अच्छा, आपके यहाँ एक जून? हमारे मास्टरजी तो सबको एक जुलाई देते थे।” नोकरी लागली. आजही एक जूनला मी पहिला फोन गुरुजींना करतो. ते विचारतात, “कितवं लागलं रे?” मी म्हणतो, “ते तुम्हीच सांगा, गुरुजी.”