आक्काला सांगितलेली दहा वर्षं

माझ्या बायकोला, सुनंदाला, वाटतं की माझं सगळं तिला माहीत आहे. कोणत्या खिशात सुट्टे पैसे असतात, कोणत्या मित्राकडे गेलो की यायला उशीर होतो, खोटं बोलताना मी कान कसा खाजवतो. वाटू द्यावं. पण एक गोष्ट तिला माहीत नाही. शाळेत कुणाला नाही, भावकीत कुणाला नाही. देवापुढं हात जोडतानाही मी ती गोष्ट तेवढी गाळून बाकीचं मागत आलो. आज तुम्हाला सांगतोय. काहून तुम्हालाच? खरं सांगू? तुम्ही आमच्या घरी जेवायला येणार नाही म्हणून.

मी हिंगोलीत एका हायस्कुलात गणित शिकवतो. नववीला, दहावीला. हे आधीच सांगून टाकतो, कारण पुढं तुम्हाला हसू येईल. हसा. मी काही म्हणणार नाही.

आक्का माझी थोरली बहीण. आठ वर्षांनी मोठी. माय शेतात जायची तेव्हा मी आक्काच्या कडेवरच असायचो — तिच्या शाळेत मला घेऊन जायची, मी रडलो की गुरुजी दोघांनाही घरी धाडायचे. अशानं तिची शाळा चौथीतच सुटली. माझी सुटली नाही. पुढं हट्ट्याला तिचं लग्न झालं, एक लेक झाली, आणि पस्तिशीच्या आतच भाऊजी गेले. तेव्हापासून ती दिराच्या घरात राहते. दीर वाईट माणूस नाही. पण दुसऱ्याचं घर ते दुसऱ्याचंच. चूल त्यांची, न्हाणी त्यांची, पाहुणे आले की आक्काची वळकटी सगळ्यात आधी उचलली जाते. त्या घराच्या मागं, गोठ्याला लागून, भाऊजींच्या वाट्याची थोडी मोकळी जागा आहे. तिथं दोन खोल्या बांधायच्या, एवढंच आक्काचं म्हणणं. मोठं काही नाही. दोन खोल्या आणि आतून लावता येईल अशी कडी.

आता घराचं. माझ्या घराचं.

घर पाहावं बांधून म्हणतात, ते मी पाहिलं. भाड्याच्या घरात आम्ही कंटाळलो होतो. स्टाफरूममध्ये जो तो लोन काढून राहिला होता. आमच्याकडं लोनची गोष्ट निघाली की एकच प्रश्न असतो — हप्ता किती बसतो? एकूण किती भरावं लागंल, हे कुणी विचारत नाही. मीही नाही विचारलं. हप्ता अकरा हजारांच्या घरात बसत होता, भाडं वाचणार होतं, पगार बराबर येत होता. झालं! बारा लाखांचं कर्ज, वीस वर्षांची मुदत. चक्रवाढ व्याज मी फळ्यावर किती वर्षं शिकवतोय म्हणता! पण फळ्यावरचा कर्जदार कोणीतरी 'रमेश' असतो हो. आपण नसतो.

बँक सगळे पैसे देत नाही. आपल्या पदरचे थोडे दाखवावे लागतात, प्लॉटही घ्यायचा होता. ते कुठून आणायचे? शिरड शहापूरजवळ रस्त्याला लागून आमची दोन एकर जमीन होती, दादांच्या, म्हणजे आमच्या वडिलांच्या, मागं राहिलेली. सातबारावर दोन नावं — माझं आणि आक्काचं. विकून सगळे पैसे मला हवे तर त्यातलं एक नाव निघालं पाहिजे.

आमच्याकडं हे कसं होतं ते तुम्हाला माहीत असेल. बहिणीला जेवायला बोलावतात. पुरणपोळी करतात, साडीचोळी करतात, आणि दुसऱ्या दिवशी रजिस्ट्रीच्या ऑफिसात नेऊन हक्कसोडीवर सही घेतात. हिस्सा मागितला तर माहेर तुटंल, या भीतीनं बहिणी सही करतात. कुणी कुणाला धमकावत नाही. तशी गरजच पडत नाही. मीही वसमतहून साडी आणली. चांगली आणली — किंमत बघितली नाही. सुनंदानं पुरण घातलं.

जेवण झाल्यावर आक्का मला अंगणात घेऊन गेली. म्हणाली, "बापू, सही म्या करते. तुझं घर झालं म्हंजी माझंच झालं. पर माझ्या वाट्याचे पैसे तू उसने घेऊन राहिला असं समज. मला दोन खोल्या बांधून दे."

मी म्हणालो, देतो की. लोन फिटलं की देतो.

"कधी फिटंल?"

इथं थांबतो जरा. एवढी वर्षं या जागेवर आलो की मी विषय बदलत आलोय — माझ्या मनातल्या मनातसुद्धा.

वीस वर्षांच्या कागदावर मी त्याच आठवड्यात सही केली होती. आक्का तेव्हा शेहेचाळीसची. शेहेचाळीस आणि वीस — ही बेरीज मात्र मला झटक्यात आली बरं का. आणि बेरीज आल्यामुळंच मी म्हणालो, "दहा वर्षं, आक्का. फार तर दहा."

वीस म्हणालो असतो तर ती काय म्हणाली असती? भांडली नसती. फक्त उठून भांडी घासायला बसली असती. आणि कदाचित दुसऱ्या दिवशी म्हणाली असती की बापू, मग माझे आत्ताच दे. तिचा हक्क होता तो. मला ते नको होतं. मला तीन खोल्यांऐवजी चार पाहिजे होत्या.

वर आणखी म्हणालो, सुनंदाला बोलू नको, तिला उगीच टेन्शन येतं. आक्का आजपर्यंत बोलली नाही. सुनंदा बिचारी अजून शेजारणींना सांगत असते, आमच्या आक्कांचं मन केवढं मोठं, एक रुपया घेतला नाही त्यांनी. मी तिथंच बसलेला असतो.

तुम्ही म्हणाल, पुढं पैसे आले नाहीत का? आले ना! वेतन आयोगाच्या फरकाची रक्कम हाती आली. तिच्यात आक्काच्या खोल्या होत होत्या, पत्र्याच्या का असेनात. निदान तीच रक्कम तेव्हा कर्जात भरली असती तरी मुदत कित्येक वर्षांनी खाली आली असती — हे आज कळतं. मी सेकंडहँड चारचाकी घेतली. शाळेत सगळ्यांकडं होती. त्या चारचाकीतून आक्काला भेटायला गेलो, तर ती गाडीभोवती फिरून हात लावून बघत होती, लेकराच्या पाठीवरून फिरवावा तसा. मग हळूच म्हणाली, "बापू, आता माझं बी बघतू का?"

आणि मी काय सांगितलं माहीत आहे? म्हणालो, आक्का, बँकेचा नियम आहे. लोन चालू असेपर्यंत घरातल्या कुणाला हिस्सा देता येत नाही. बँक परवानगी देत नाही.

असा नियम नाही. कुठल्याच बँकेत नाही. मी जागच्या जागी बनवला. आक्कानं मान डोलावली. म्हणाली, "मग न्हाई बा. नियम म्हंजी नियम. तुला तकलीफ नको." बहिणीला फसवायला मी बँकेला पुढं केलं, आणि त्याच वेळी ती बँक माझं काय करून राहिली होती, याचा मला पत्ताच नव्हता.

मधे कधीतरी व्याजाचे दर वाढले. मोबाइलवर मेसेज आला होता. मी हप्ता बघितला — तेवढाच. केवढा आनंद झाला मला! सुनंदाला म्हणालो, बघ, सगळ्यांचे हप्ते वाढले असतील, आपला जसाच्या तसा. गणिताचा मास्तर! हप्ता तेवढाच राहिला तर दुसरं काय वाढलं असेल, हे विचारायचं सुचलं नाही.

दहा वर्षं झाली. अकरावंही सरत आलं. एक दिवस आक्काचा फोन आला, भाचीच्या मोबाइलवरून. "बापू, आसंच इचारते. दहा झाले ना रं?" मी म्हटलं, बघून सांगतो. आणि तेव्हा पहिल्यांदा — पहिल्यांदा! — मी बँकेत जाऊन विचारलं की माझं किती राहिलंय.

काउंटरवरच्या मॅडम भल्या होत्या. त्यांनी कॉम्प्युटर माझ्याकडं वळवून दाखवला. पहिल्या हप्त्यातले साडेनऊ हजार व्याजात गेलेले, आणि मुद्दलात जेमतेम सतराशे. पुढचाही तसाच. त्याच्या पुढचाही. बारा लाख घेतले होते, पावणेपंधरा लाख भरून झाले होते, आणि अजून आठ लाखांच्या वर बाकी होती. दर वाढले तेव्हा हप्ता न वाढवता मुदत वाढवलेली. माझ्या रिटायरमेंटच्याही पुढं गेली होती ती. मॅडम म्हणाल्या, "सर, मेसेज आला असेल ना तुम्हाला?" व्हय, आला होता. "काय शिकवता सर तुम्ही?" मी म्हणालो, भूगोल.

बाहेर येऊन पायरीवर बसलो. चीड आली, बँकेची, स्वतःची. पण खोटं का बोलू, आतून जरा बरंही वाटलं. वाटलं, चला, आपणही फसलो. आता आक्काला सांगायला तोंड आहे. आपणही बिचारेच.

तोंड होतं, तरी सांगितलं नाही. तिला फोन करून म्हणालो, "फिटतच आलंय आक्का. थोडंच राहिलंय."

हे का बोललो? ती खूश व्हावी म्हणून? का माझ्या मागचा प्रश्न सुटावा म्हणून? उत्तर मला ठाऊक आहे, तुम्हालाही कळलं असेल. आक्का एवढी हरखली की तिनं अर्ध्या हट्ट्यात सांगितलं, माझा भाऊ मला घर बांधून देऊन राहिला. गावात कुणाचं तरी जुनं घर पाडलं होतं, तिथून तिनं सागवानी चौकट विकत घेतली. पोतं गुंडाळून गोठ्यात उभी केली. मी गेलो की पोतं बाजूला करून दाखवायची. भिंत नाही, पाया नाही. मी म्हणायचो, लाकूड चांगलं आहे.

मागच्या वर्षी तिच्या पुतण्याचं लग्न ठरलं. नव्या जोडप्याला खोली लागणार म्हणून आक्काची वळकटी ओसरीवर गेली. कायमची. तिनं मला फोनवर सांगितलंसुद्धा नाही. दिवाळीत भाऊबीजेला गेलो तेव्हा दिसली — खांबाला टेकवलेली, वर प्लॅस्टिकचा कागद. तुम्हाला वाटेल, तेव्हा तरी मला पाझर फुटला असेल. मलाही तसंच वाटलं होतं. गाडीतून उतरताना ठरवूनच उतरलो होतो, आज सांगायचं.

तिनं ओवाळलं. मी ताटात पाचशेची नोट टाकली. तिनं ती उचलली, कपाळाला लावली, आणि आत गेली. परत आली तर हातात रुमालाची गाठ. शेळी विकली म्हणाली. सहा हजार आले. "तुझ्या लोनात भर बापू. थोडंच राहिलंय म्हन्ला व्हतास ना? तेवढंच लवकर फिटंल. गुडघे लई दुखून राहिले रं आता, ओसरीवर गारठा लागतो. पर बँकवाल्यास्नी घाई करू नको. रागावतील."

त्या पैशांचं काय झालं ते सांगतो, म्हणजे राहायला नको. खात्यात टाकले. दोन दिवसांनी हप्ता कापला गेला. त्या महिन्याचं व्याज साडेसहा हजारांच्या जवळ होतं. आक्काची शेळी व्याजालाही पुरली नाही.

भाऊबीजेला भावानं द्यायचं असतं. मी बहिणीकडून घेऊन आलो. हीच ती गोष्ट. जमीन नाही, दहा वर्षं नाही, बँकेचा नियमही नाही — तेवढं कदाचित मी कधीतरी सुनंदाला सांगितलंही असतं, रडून मोकळा झालो असतो. हे सांगता येत नाही. हात पुढं करायला मला एक क्षणही लागला नाही हो. ठरवून आलेलं सगळं ओठावर होतं, आणि हात पुढं गेला.

आक्का म्हणाली, "मोजून घे."

मी म्हणालो, "मोजायचं काय आक्का? माझा तुझ्यावर विश्वास न्हाई का?"