आत उघडणारं दार

यान मी बांधलं. हे आधीच सांगून टाकतो, कारण आमच्या नरडाण्यात अजून काही जण म्हणतात की ते मंडळाने बांधलं. मंडळाने वर्गणी जमवली, रंग दिला, थर्माकोलच्या चांदण्या चिकटवल्या. पण चौकोनी पाइपाचा सांगाडा, त्यावरचा वाकवलेला पत्रा, तिघं बसतील एवढं पोट आणि दार, हे सगळं माझ्या वेल्डिंगच्या दुकानात माझ्या हाताने झालं. मी चौथी शिकलो, तीही दुसऱ्या खेपेला पास. घरी अहिराणी बोलतो, आणि लिहायची वेळ आली की मास्तरांची मराठी आठवून लिहितो. कुठे वेडंवाकडं वाटलं तर तेवढं सांभाळून घ्या. दाराच्या बाबतीत मात्र मी लिहितो ते अगदी खरं आहे.

त्या वर्षी आपला एक माणूस आकाशातल्या स्थानकात राहून सुखरूप खाली आला, आणि आमच्याकडे जो तो वर बघायला लागला. चौकातल्या गणपती मंडळाने लगेच आरास ठरवली. यान, आणि त्यात खरेखुरे तीन अंतराळवीर. तिघंही इथल्याच कारखान्यांत कामाला जाणारी पोरं. अंगात चंदेरी रंग मारलेला रेनकोट, डोक्यावर मोटारसायकलचं हेल्मेट, आणि पाठीवर कपाशीवर फवारायचा पंप, तोही चंदेरी. लांबून बघितलं तर मलाच खरं वाटायचं. लोक गोल खिडकीतून त्यांना बघणार, ते आतून हात हलवणार, दिवे लुकलुकणार, धूर निघणार. मंडळाचा अध्यक्ष महिनाभर माझ्या दुकानातून हलला नाही.

दार मी आत उघडणारं केलं. दार आतच उघडतं. चाळीस वर्षं दारं करतोय, शाळेची केली, दवाखान्याची केली, अर्ध्या गावाच्या घरांना माझीच दारं आहेत. पाहुणा दाराशी आला की दार त्याच्या अंगावर येऊ नये. घराने जरा मागे सरून त्याला आत घ्यावं, अशी आपली रीत. धूर बाहेर फुटू नये म्हणून मी कडेने रबराची पट्टी लावली, आणि गर्दीतली पोरंसोरं ढकलून आत शिरू नयेत म्हणून बाहेरून कडी ठेवली. दार असं बसलं की फटीत पोस्टकार्ड गेलं नसतं.

गणपतीच्या दोन दिवस आधी माझी नात आली. ती जळगावला इंजिनिअरिंग शिकते. गाडीतून उतरली ती पिशवीसकट सरळ दुकानात. मी स्टूल पुसून ठेवलं होतं आणि मनातल्या मनात तिच्या तोंडून येणारं कौतुक ऐकत होतो. तिने यानाभोवती फेरी मारली, पत्र्यावर टिचकी मारली, आत वाकून थर्माकोल बघितला, वायरी बघितल्या. मग दार उघडलं, लावलं, परत उघडलं.

"नाना, हाई दार मझार उघडस?"

मी म्हणालो, दार आत नाही तर काय आकाशात उघडणार? ती हसली नाही. स्टुलावर बसली आणि सांगायला लागली.

अमेरिकेत तिघं जण एका यानात बसले होते. उडायचं नव्हतंच त्या दिवशी. आपण रंगीत तालीम करतो तशी तालीम होती. यान जमिनीवर, इंधनाच्या टाक्या रिकाम्या. म्हणून कोणाला भीतीच वाटली नाही. आत एक ठिणगी उडाली, आणि आत भरलेली हवाही अशी की पेटायला वेळ लागला नाही. दार आत उघडणारं. आगीने आतली हवा फुगली आणि तिनेच दार दाबून धरलं. बाहेर माणसं उभी होती. तिघं गेले. त्यानंतर त्यांनी दार बदललं, बाहेर उघडणारं केलं.

मी हातातला पाइप खाली ठेवला. म्हटलं, आणखी सांग. तिला वाटलं मी चिडलोय. पण माझ्या अंगात वीज शिरली होती. तिने रशियाच्या तिघांचं सांगितलं. परत येताना हवा सोडायचा एक व्हॉल वरच उघडला, हवा निघून गेली, यान मात्र वेळेवर, सावकाश जमिनीवर उतरलं. लोकांनी आनंदाने दार उघडलं तर तिघं आपापल्या जागी बसलेले, पट्टे बांधलेले, आणि जीव नाही. मग पुन्हा अमेरिकेचे सात जण गेले, थंडीने कडक झालेल्या एका रबराच्या कड्यापायी. मग आणखी सात, त्यात आपल्या हरियाणाकडची एक मुलगी. त्यांच्या पंखाला उडताना फोमचा तुकडा लागला होता, आणि उतरताना यान वरच तुटलं, सगळे गेले.

मला इतकी वर्षं वाटायचं की तिथे मोठमोठी गणितं चुकत असतील. इथे बघतो तर एक रबर, एक व्हॉल, फोमचा तुकडा, दार. सगळ्या माझ्याच दुकानातल्या वस्तू. हळहळ तर वाटलीच, पण खोटं कशाला लिहू, छातीही फुगली. म्हणजे ही माणसं आमच्यासारख्यांच्या हातावर जीव ठेवून वर जातात.

पण माझं दार चुकलंय असं नातीने म्हणताच मी उसळलो. म्हणालो, तुझे ते रॉकेटवाले चुकले असतील, मी नाही. तू पानाचा विडा लावायच्या आत मी ह्या दारातून बाहेर येऊन दाखवतो. माझ्याच वळणावर गेलेली ती. म्हणाली, मग उद्या बसाच.

दुसऱ्या दिवशी सकाळी यान चौकातल्या मांडवात नेलं आणि भरदुपारी मी रेनकोट चढवला. वय सत्तरच्या पुढे, डोक्यावर हेल्मेट, पाठीवर पंप. माझ्याबरोबर त्या तिघांतले दोघं. मी दाराशेजारी, एक मधे, एक पलीकडे. अध्यक्ष बाहेर कडीपाशी. नातीने ठरवलं होतं की ती पत्र्यावर हातोडा मारेल तेव्हा आग लागली असं धरायचं, आणि अध्यक्षाने त्याच क्षणी कडी काढायची. चौकातली माणसं जमली. मी आतून हात हलवला.

हातोडा वाजला. कडी निघाल्याचा आवाजही आला. मी मूठ धरून दार आत ओढलं, ते मधल्याच्या गुडघ्यावर आदळलं. तो मागे सरायला गेला तर त्याचा पंप बाकात अडकला. पलीकडच्याने उठून माझ्या खांद्यावरून हात घातला आणि दार जोरात ढकललं. ते बंद झालं. मी ओढतोय, तो ढकलतोय. मी ओरडलो, पण हेल्मेटात काय ऐकू येणार. तेव्हा मला एक गोष्ट कळली, जी चाळीस वर्षांत कळली नव्हती. पाहुण्याला आत यायचं असतं तेव्हा त्याला वेळ असतो. ज्याला जीव घेऊन बाहेर पडायचंय, तो पुढेच ढकलणार, मागे सरून ओढणार नाही.

बाहेर लोक हसत होते. सुरुवातीला मीही हसलो. मग घाम डोळ्यात उतरला, श्वासाने काच धुरकटली, आणि ते हसणं मला लांबून, विहिरीच्या काठावरून आल्यासारखं ऐकू यायला लागलं. शेवटी मधला आडवा झाला, त्याच्या अंगावरून मी दार ओढलं आणि आम्ही तिघं ढिगासारखे बाहेर पडलो.

मी हेल्मेट काढून नातीला विचारलं, किती वेळ? तिने वेळ लावलेला मोबाइल दाखवला नाही. हळू आवाजात म्हणाली, "नाना, त्या तिन्हीसले इतला टाइम बी भेटना नही."

चौकात सगळे अजून हसत होते. माझं हसणं संपलं होतं.

मी अध्यक्षाला बाजूला घेतलं. तो म्हणाला की दार बाहेर उघडलं तर मांडवाच्या खांबाला लागेल. मग सगळं यान तिरकं करावं लागेल, खिडकी अर्धी भिंतीकडे जाईल, आणि तिसऱ्या दिवशी धुळ्याहून आरास स्पर्धेचे परीक्षक येणार आहेत. शिवाय हे यान कुठे खरं उडणार आहे. मी म्हणालो, त्यांचंही त्या दिवशी उडणार नव्हतं. तरी त्याचं चालूच होतं.

"नाना, उद्या गणपती बसी राह्यना अन् तुम्ही आज दार कापतस?"

"दार मनं शे. चूक बी मनी शे. मीच कापसू."

चूक हा शब्द मी दुकानात कधी कोणासमोर काढला नव्हता. बिजागरी सैल पडली तर पत्र्याला दोष द्यायचा, कुलूप अडलं तर कुलपाला. त्या दिवशी भर चौकात तो तोंडातून निघाला आणि गंमत अशी की जीभ जळली नाही. उलट हात शिवशिवायला लागले.

ओलं पोतं टाकून मी ग्राइंडर लावला. दाराजवळचा थर्माकोल काढून घेतला होता. तरी एक ठिणगी पोत्यावरून उडून आत गेली. वरच्या चांदणीला लागली. चांदणी जळली असं म्हणताही येणार नाही. ती होती आणि मग नव्हती, काळा थेंब होऊन बरोबर मधल्या बाकावर टपकली. मी ओलं फडकं दाबलं. अध्यक्ष आत शिरला आणि स्वतःच्या हाताने उरलेल्या चांदण्या ओरबाडून काढायला लागला, महिनाभर खपून चिकटवलेल्या. मग जाऊन दोन बादल्या वाळू घेऊन आला आणि पोरांना म्हणाला की धूरबिर नको, नुसते दिवे पुरेत.

दिवेलागणीपर्यंत बिजागऱ्या बाहेर आल्या. कडी मी भंगारात फेकली, तिच्या जागी कपाटाला लावतात तसं लोहचुंबक बसवलं. रबर काढून टाकलं, वर हवेसाठी जाळी ठेवली. आणि दाराच्या आतल्या बाजूला लाल रंगाने मी स्वतः लिहिलं, बाहेर ढकला. एवढी मोठी अक्षरं मी आयुष्यात काढली नव्हती.

मग तिघं पोरं बसली. नातीने हातोडा मारला आणि दार असं सुटलं की बाहेर बघत उभ्या असलेल्या माझ्याच कोपराला बसलं. पोरं केव्हा बाहेर आली ते मला दिसलंच नाही, मी कोपर धरून बसलो होतो. नात हसून हसून लाल झाली. आठ दिवस कोपर निळं होतं आणि आठ दिवस मी ते येईल त्याला दाखवत होतो.

परीक्षक आले, त्यांनी विचारलं की यान असं तिरकं का. अध्यक्ष सांगायला लागला, पण मी त्याला मागे सारलं आणि परीक्षकांचा हात धरून पहिल्यापासून सांगितलं, रबर, व्हॉल, फोम, दार. त्यांना पुढच्या गावाला जायचं होतं. मी हात सोडला नाही. बक्षीस दुसऱ्याच मंडळाला गेलं. जाऊ दे. आमची तिघं पोरं रोज संध्याकाळी आत बसली आणि रोज एका धक्क्यात बाहेर आली.

विसर्जनानंतर यान भंगारात निघालं तेव्हा दार मी ठेवून घेतलं. दुकानामागे माझी गॅसच्या टाक्यांची खोली आहे, तिला ते बसवलं. तेही बाहेर उघडतं. सुनेला दोनदा लागलं, मुलाचं तर कपाळ सुजलं. दोघं म्हणतात, नाना, आता तरी हे दार आत उघडेल असं फिरवा. मी म्हणतो, तुम्ही दोन पावलं मागे उभे राहायला शिका.